टास्कबार नावाचा बिऱ्हाडकरू

२००७ साली आसुसचा ‘ई पीसी ७०१’ हा चिमुकला लॅपटॉप आला. वजन किलोभराच्या आत, पडदा सात इंची, त्यावर चित्रबिंदू आडवे ८०० आणि उभे ४८०. म्हणजे चाळीतली दहा बाय दहाची खोलीच. पुढच्या वर्षी विंडोज एक्सपी राहायला आलं आणि टास्कबारने त्यातले ३० उभे बिंदू अडवून तळाशी पथारी पसरली.

एखाद्या गेमला उभे ६०० बिंदू हवेत. मग ‘ओके’चं बटण पडद्याखाली गडप! खेळाडू एंटर दाबून देवाचं नाव घेतो.

निदान ते ३० बिंदू परत मिळवायला उपाय? टास्कबारच्या ‘ऑटो-हाइड’वर टिचकी. बार मुकाट्याने खाली सरकतो. शत्रू मात्र नेमका तळाशीच उगवतो. नेम धरायला माउस तिकडे गेला, की बार पुन्हा हजर. वर अँटिव्हायरसला तेवढ्यात काहीतरी सांगायचं असतंच.