श्वान घुटमळले

अल्लीपुरात घरफोडी झाली की वर्ध्याहून श्वान पथकाला ‘पाचारण’ होतं. पथक गाडीतून उतरेपर्यंत निम्मं गाव त्या घरातून फिरून गेलेलं. चोराच्या वासावर शेजाऱ्यांच्या चपला, सांडलेला चहा आणि खर्ऱ्याच्या पिचकाऱ्या चढलेल्या. तरी कुत्रा इमानाने तुटलेलं कुलूप हुंगतो, पट्टा ताणत गल्लीतून निघतो आणि डांबरी रस्त्यावर थांबतो. पेपरातलं वाक्य तर आधीच ठरलेलं: श्वान रस्त्यापर्यंत जाऊन घुटमळले, चोरटे वाहनाने पसार झाल्याचा अंदाज. (हा अंदाज कुत्र्याविनाही बांधता आला असता, पण मग गर्दी कशाला जमली असती?)

नशीब एकेकाचं. मुंबई पोलिसांच्या ‘जंजीर’ या कुत्र्याने १९९३ च्या स्फोटांनंतर तीन हजार किलोंहून जास्त आरडीएक्स हुंगून काढलं, २००० मध्ये तो गेला तेव्हा पोलिसांनी सलामी दिली. इथल्या गड्याच्या वाट्याला तुटलेली कुलपं. त्यातून चोर सापडलाच, तरी कुत्र्याने काढलेल्या मागाला पुरावा म्हणून फारसं वजन नाही, हे सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्राच्याच एका खटल्यात १९६९ मध्ये सांगून ठेवलंय. कुत्र्याला शपथ देता येत नाही, उलटतपासणीही घेता येत नाही. साक्षीला त्याचा हॅंडलरच उभा राहतो.