प्रकल्पपिता

दहावीच्या भूगोलाचा क्षेत्रभेट अहवाल विद्यार्थी लिहितात, असा शिक्षण खात्याचा समज आहे. आमच्या साताऱ्यात तो बाप लिहितो. मुलं क्षेत्रभेटीला जातात, बाप अहवालाला बसतो आणि आई चिकटवते. ही वाटणी आता इतकी रुळली आहे की कुणी तिच्याबद्दल बोलतसुद्धा नाही.

या बापाला मी प्रकल्पपिता म्हणतो. वय पंचेचाळिशीच्या आसपास, नोकरी बहुधा कचेरीतली, आणि स्वतःच्या दहावीत भूगोलात काठावर पास. ती जुनी बाकी त्याला लेकीच्या वहीत वसूल करायची असते.

खरं तर सहलीचा मार्ग झकास आहे. आधी संगम माहुली, मग वाई, मग पसरणीचा घाट चढून पाचगणीचं टेबललँड. महाबळेश्वरी उगम पावलेल्या कृष्णा आणि वेण्णा दोन वेगळ्या खोऱ्यांतून खाली उतरतात. एकीला धोमचं धरण अडवतं, दुसरीला कण्हेरचं, आणि एवढं सोसून दोघी माहुलीला भेटतात. टेबललँडवर काळ्या बेसाल्टच्या माथ्यावर लाल जांभ्याचा थर दिसतो. लाखो वर्षांच्या पावसानं खडकातलं बरंचसं धुऊन नेलं आणि लोह, ॲल्युमिनियम तेवढं मागे ठेवलं, त्याचा हा रंग. मुलं हे हातानं चाचपून येतात. पण प्रकल्पपित्याला चाचपलेलं नको असतं, त्याला 'माहिती' हवी असते.

"काय माहिती आणलीस?" असं तो दारातच विचारतो. लेक वही पुढे करते. आत तीन ओळी: 'दगडाला भोकं आहेत. हात लाल झाला. घोडेवाले काका पिण्याचं पाणी खालून आणतात.' प्रकल्पपिता पान उलटून मागे काही आहे का बघतो.

"एवढंच? याला संदर्भ काय?"

"बाबा, मी स्वतः बघितलंय."

"बघितलेलं कोण धरतं?"

मग तो स्वतः लिहायला बसतो. पहिलं वाक्य वर्षानुवर्षं ठरलेलं आहे: 'आम्ही सकाळी ठीक 7 वाजता प्रफुल्लित मनाने प्रस्थान केले.' गाडी साडेआठला आली होती आणि पसरणीच्या घाटात मागच्या बाकावरची दोघं ओकली होती, असं लेक सांगून बघते. "ते रेकॉर्डवर घ्यायचं नसतं," बाप म्हणतो, आणि कचेरीत त्यानं काय काय रेकॉर्डवर घेतलं नसेल याची आपल्याला कल्पना येते. लोकसंख्येच्या मुद्द्याखाली माहुलीच्या काठावर भेटलेली माणसं येत नाहीत. येतात थेट 30,03,741. हा सातारा जिल्ह्याचा 2011च्या जनगणनेतला आकडा. त्यानंतर जिल्ह्यात कुणी जन्माला आलं असेल, तर ती त्याची खासगी बाब.

रात्री नऊला दुकान बंद व्हायच्या बेतात असताना प्रकल्पपिता शटरखालून वाकून "भूगोल!" एवढंच म्हणतो. स्टेशनरीवाला जाणता असतो. कार्डशीट, चमकीची डबी, सोनेरी लेस, कृष्णेसाठी निळा स्केचपेन, सगळं न विचारता काउंटरवर येतं. शेवटी मागच्या खोलीतून वर्तमानपत्रात गुंडाळलेला थर्माकोल. सजावटीच्या थर्माकोलवर राज्यात 2018 पासून बंदी आहे, म्हणून हा कागद. घरी जाऊन त्याच थर्माकोलमधून 'पर्यावरण वाचवा' ही अक्षरं कापली जातात. रात्री एकपर्यंत आई डिंक लावते आणि बाप "थोडं डावीकडे घे गं" म्हणतो. लेक झोपलेली असते. सहल तिनं केलेली, दमलेली तीच.

सादरीकरणाच्या दिवशी लेक फळ्यासमोर उभी राहते. सुरुवातीला अर्धं पान ऋणनिर्देश. त्यात मुख्याध्यापक येतात, शिपाई मामा येतात आणि शेवटी 'माझ्या वडिलांचे मोलाचे मार्गदर्शन लाभले'. अख्ख्या अहवालातलं हे एकच वाक्य शंभर टक्के खरं. तेही सौम्य केलेलं. पुढे पावसानं खडक धुऊन निघण्याचं पुस्तकी नाव, 'अपक्षालन', येतं आणि बाई विचारतात, "म्हणजे काय गं?" लेक गप्प. मागून कुणीतरी खुसखुसतं.

"राहू दे, मीट ती वही. तू वर काय पाहिलंस ते सांग."

आणि मग पोरगी सुटते. दगडाला भोकं कशी, हात लाल कसा झाला, पाऊस एवढा पडतो तरी बरंचसं पाणी त्या भोकांतून झिरपून जात असेल, म्हणून काकांना प्यायला खालून आणावं लागतं का, असं ती बाईंनाच विचारते. बाई म्हणतात, "हेच अपक्षालनाच्या शेजारी लिहायचं होतंस." घाटातल्या ओकण्याचीही हकीकत होते, नावांसकट. प्रकल्पपिता तेव्हा कचेरीत असतो, त्यामुळे आपल्या घरात एक भूगोलाचा माणूस तयार होतोय ही बातमी त्याच्यापर्यंत पोचतच नाही.

त्याच्यापर्यंत पोचतात ते गुण. तोंडी सादरीकरणाला पूर्ण, लेखी अहवालात तीन कापलेले. शेऱ्यात लाल शाईनं लिहिलेलं असतं: 'मार्गाचा नकाशा सुंदर. दिशा व प्रमाण दाखवलेले नाही.' तो नकाशा घरातली सगळी निजल्यावर त्यानं एकट्यानं काढला होता.

प्रकल्पपिता सोमवारी बाईंना भेटायला जाणार आहे. फेरतपासणीचा अर्ज तयार आहे, तीन प्रतींत.