समोर कोण होता? नवी मुंबईकरांसाठी शोध-मार्गदर्शिका

हरणे ही ज्याची त्याची खासगी बाब आहे. परंतु आपण कोणाकडून हरलो हे कळणे हा प्रत्येक नागरिकाचा हक्क आहे, असे गृहीत धरून ही मार्गदर्शिका तयार केली आहे. जिंकलेल्यांनी ती वाचण्याची गरज नाही. जिंकलेल्याला समोरच्याशी काही देणेघेणे नसते, तो शांत झोपतो. शोध घेतो तो हरलेला, आणि तोही रात्री बारानंतर, पांघरुणात, फोनचा उजेड कमी करून.

नवी मुंबईकरांवर या बाबतीत जरा जास्तच जबाबदारी येते. दाराशी पोचलेली गोटी कापली गेल्याने ज्या खेळात जगभरच्या लोकांची झोप उडाली, तो लुडो किंग याच गावचा. मूळचे पाटण्याचे असलेल्या विकास जयस्वाल यांच्या गेमेशन टेक्नॉलॉजीज या नवी मुंबईतल्या कंपनीने तो 2016 मध्ये आणला. 2020 च्या टाळेबंदीत तो घरोघरी शिरला आणि डाउनलोडचा आकडा 50 कोटींच्या पलीकडे गेला. आपली पचिसी उचलून इंग्रजांनी 1896 मध्ये तिचे लुडो म्हणून पेटंट घेतले होते. ती 120 वर्षांनी ठाण्याच्या खाडीकाठी परत आली, याचा अभिमान बाळगायला हरकत नाही. मात्र 'कंपनी आपल्याच गावात आहे, जाऊन विचारून येतो' हा विचार मनात आणू नये. कोणत्याही कंपनीच्या गेटवरचा वॉचमन रजिस्टर पुढे सरकवून पहिला प्रश्न विचारतो : कोणाला भेटायचंय? आणि नेमके तेच तर आपल्याला ठाऊक नसते.

तेव्हा घरबसल्या सुरुवात करावी. पहिला पुरावा म्हणजे नाव. तो नीट वाचावा आणि सोडून द्यावा. नाव 'गेस्ट' आणि पुढे सात-आठ आकडे असे असेल तर समोरच्याने लॉगिनचीही तसदी घेतलेली नाही. आपण ज्याच्यामुळे जागे आहोत त्याच्या लेखी हा सामना बस येईपर्यंतचा होता. नावाशेजारी गुलाब, गणपती, सिनेनट किंवा दोन वर्षांचे बाळ यांपैकी एक चित्र असते. बाळाने आपल्याला हरवलेले नाही, एवढाच निष्कर्ष त्यातून काढावा, आणि तोही सावधपणे.

नावाबाबत सावधगिरी का, याचा दाखला आमच्याच जिन्यात आहे. दुसऱ्या मजल्यावरच्या सत्तरीच्या काकू दुपारी आणि रात्री नियमाने खेळतात. त्यांचे नाव पडद्यावर 'डेव्हिल बॉय' असे दिसते.

'काकू, हा डेव्हिल बॉय म्हणजे तुम्ही?'

'नातवाने टाकलंय रे ते. मला कुठे बदलता येतंय!'

'आणि हा चष्मा घातलेला वाघ?'

'तोही त्याचाच. पण खेळते मी. तो अभ्यासाला बसला की.'

आता मला सांगा, एखादा इसम तिकडे इंदूरला बसून हा डेव्हिल बॉय कोण म्हणून शोधतो आहे. त्याच्या डोळ्यांपुढे काळा टी-शर्ट घातलेला, कॉलेज बुडवणारा टग्या आहे. काकू त्या वेळी शेंगा सोलत असतात. एका हाताने सोलायच्या, दुसऱ्याने फासा टाकायचा, आणि समोरच्याची गोटी कापली की म्हणायचे, 'जा बाबा घरी, आई वाट बघत असेल.' हा सगळा आनंद त्या इंदूरवाल्यापर्यंत पोचत नाही, त्याला फक्त दात काढणारी इमोजी पोचते.

नावानंतर ठरवायचे ते हे, की समोर माणूस होता की यंत्र. या पायरीवर बहुतेक शोधकर्त्यांची मती गुंग होते, कारण हरलेल्या माणसाला समोर यंत्रच होते असे वाटण्याकडे कल असतो. आधी गणित पाहावे. फासा प्रामाणिक असेल तर सहा पडण्याची शक्यता सहात एक. लागोपाठ दहा वेळा टाकूनही एकदाही सहा न पडण्याची शक्यता सुमारे 16 टक्के आहे. म्हणजे अंदाजे दर सहा जणांत एखाद्या जिवाच्या नशिबी हे येणारच. तो जीव आज आपण होतो. समोरच्याला ओळीने तीन सहा पडले तर तेही कारस्थान नव्हे. 216 त एकदा असे होते, आणि त्यात त्याचा डावच जातो. म्हणून फाशावरून यंत्र ओळखता येत नाही. वागणुकीवरून थोडेफार येते. यंत्र बहुधा प्रत्येक खेळीला सारखाच वेळ घेते. माणूस आपली गोटी कापायची संधी आली की क्षणभर थांबतो, कारण त्याला ती चव घ्यायची असते. यंत्र हरताना ॲप बंद करून निघून जात नाही. 'नेटवर्क गेलं' ही सबब अजून तरी फक्त माणसालाच सुचते. पण इथेही एक मेख आहे. अनेक खेळांत माणूस मधूनच उठून गेला की त्याच्या जागी संगणक खेळू लागतो. तेव्हा अर्ध्या डावापर्यंत समोर घणसोलीचा एखादा गृहस्थ आणि पुढे यंत्र, असेही घडलेले असू शकते. अशा वेळी निम्मा राग कोणावर काढायचा, याचा निर्णय ज्याने त्याने घ्यावा.

माणूसच होता असे ठरले, तर कान उघडे ठेवावेत. टाळेबंदीच्या वर्षात लुडो किंगमध्ये बोलण्याची सोय आली, आणि शोधशास्त्राला खरी गती मिळाली ती तेव्हा. खेळाडू स्वतः काही बोलत नाही. बोलतो त्याचा परिसर. कुकरची शिट्टी, कबुतरांचे घुमणे, खालून जाणारा भंगारवाला, 'अगं गॅस बंद कर' ही हाक : एवढ्यावरून तो भारतात आहे, इतके सिद्ध होते. अधिक बारीक माहितीसाठी लोकलमधल्या उद्घोषणेची वाट पाहावी. 'पुढील स्टेशन जुईनगर' हे शब्द ऐकू आले, की शोध संपला असे नवशिक्यांना वाटते. तसे नसते. जुईनगरला हार्बरची गाडीही जाते आणि ठाण्याहून तुर्भ्यामार्गे नेरुळकडे येणारीही. त्यामुळे संशयित मानखुर्दकडून पूल ओलांडून आला की ऐरोलीकडून, हे ठरवायला त्याच्या आधीचे स्टेशनही ऐकलेले असावे लागते. आणि नेमक्या त्याच वेळी आपली शेवटची गोटी कापली जात असते.

समजा नेरुळ ऐकू आले आणि मग आवाज बंद झाला. माणूस नेरुळला उतरला. इथून पुढचे काम सोपे वाटते, पण सिडकोने हे शहर आखताना प्रतिस्पर्धी शोधणाऱ्यांचा विचार केलेला दिसत नाही. सेक्टर 10 नेरुळलाही आहे, वाशीलाही आहे, सानपाड्यालाही आणि खारघरलाही. त्या प्रत्येक सेक्टरात 'साई' पासून सुरू होणारी एक तरी सोसायटी आहे. पार्सल घेऊन आलेला मुलगा पत्ता, फोन नंबर आणि नकाशा हाताशी असूनही तीनदा फोन करून विचारतो, 'दादा, नेमकं कुठे?' आपल्या हाती यातले काहीच नाही. फक्त एक चष्मेवाला वाघ आहे.

तरुण वर्गाची अडचण वेगळी. बीजीएमआय हा बंदुकांचा खेळ खेळणाऱ्याला मारेकऱ्याचे नाव मेल्याबरोबर दिसते, पुढे बसून त्याचा खेळही पाहता येतो. हे सुख लुडोत नाही. पण ते नाव इतक्या चिन्हांनी, नक्षीने आणि न दिसणाऱ्या अक्षरांनी मढवलेले असते की शोधायला म्हणून ते टाइपच करता येत नाही. अशा वेळी नावाच्या नादी न लागता खेळाडूचा आकडी आयडी टिपून घ्यावा. नाव बदलायचे कार्ड विकत मिळते, तो आकडा मात्र तोच राहतो. जुनी प्रकरणे उकरू नयेत. 2 सप्टेंबर 2020 ला सरकारने पब्जीवर बंदी घातली. 2021 च्या जुलैत तोच खेळ बीजीएमआय म्हणून आला, 2022 च्या जुलैत पुन्हा गेला आणि 2023 च्या मे महिन्यात परतला. ज्याला कोणी त्या 2020 च्या ऑगस्टात झाडामागून मारले असेल, त्याने तपास बंद झाल्याचे स्वतःला कळवावे.

शिवाय आयडी सापडला म्हणजे माणूस सापडला असे नाही. 'आयडी दे, तुझी रँक वर नेऊन देतो' हा व्यवहार कॉलेजच्या कॅन्टीनमध्ये सर्रास चालतो. आयडी एकाचा, बोटे दुसऱ्याची. ही पद्धत नवी नाही. हस्तिनापूरच्या द्यूतात पण लावला दुर्योधनाने आणि फासे टाकले शकुनीमामाने. एकाच्या वतीने दुसऱ्याने खेळणे मला बरे दिसत नाही, अशी हरकत युधिष्ठिराने सभापर्वात खेळ सुरू होण्याआधीच नोंदवली होती. आणि मग तो खेळायला बसला. आपणही तक्रारीचे बटण दाबून लगेच पुढचा सामना सुरू करतो, त्यामुळे त्याला हसण्याचा अधिकार आपल्याला नाही.

बुद्धिबळवाल्यांना ही मार्गदर्शिका जवळजवळ लागतच नाही. लिचेस या संकेतस्थळावर समोरच्याचे आजवरचे सगळे डाव कोणालाही उघडून पाहता येतात. माणूस कोण हे तिथेही कळत नाही; जगज्जेता असताना मॅग्नस कार्लसन तिथे 'डॉ. ड्रंकनस्टाइन' अशा नावाने खेळायचा, आणि त्याच्याकडून मार खाणाऱ्यांना आधी वाटले असेल की कोणी पिऊन बसला आहे. पण एक औषध तिथे मिळते ते लुडोत नाही. आपल्याला हरवल्यानंतर तो प्रतिस्पर्धी पुढचे चार डाव कोणाकडून कसा हरला, हे एकेक खेळी पुढे सरकवत पाहता येते. माझ्या मते हरलेल्याला लागते ते एवढेच. नाव, गाव, पत्ता हे सगळे बहाणे.

तरीही ज्यांना पुढे जायचेच आहे त्यांच्यासाठी कायद्याची बाजू. आयपी ॲड्रेस काढतो म्हणणारा एक भाचा प्रत्येक घरात असतो. त्याला काढू द्यावा. मोबाइल कंपन्या एकाच बाहेरच्या पत्त्यामागे असंख्य ग्राहक बसवतात, त्यामुळे भाच्याच्या हाती फार तर कंपनी आणि एखाद्या शहराचे नाव येईल, आणि ते शहरही अनेकदा चुकीचे असेल. त्यातला एक माणूस वेगळा काढणे पोलिसांनाच, कागदोपत्री मागणी करून आणि नेमकी वेळ देऊनच जमते. पोलिसांकडे जावे, तर 1930 हा क्रमांक सायबर फसवणुकीत पैसे गेले तर लावायचा आहे. दारात गोटी कापली जाणे ही त्या व्याख्येत न बसणारी हानी आहे. पैसे लावून हरलो, असे सांगायला गेलात तर तशा ऑनलाइन खेळांवर संसदेने 2025 च्या ऑगस्टात कायदा करून बंदीच घातली आहे, तेव्हा तिथे आवाज जरा खालीच ठेवावा. आणि समोरची व्यक्ती स्त्री निघाली, नको म्हणाली, आणि तरी आपण इथे-तिथे तिचा माग काढत राहिलो, तर त्या शोधाला भारतीय न्याय संहितेच्या कलम 78 मध्ये पाठलाग असे नाव आहे. ही ओळ विनोदाने लिहिलेली नाही.

शोध फारच यशस्वी झाल्याचीही उदाहरणे आहेत. लुडो खेळताना झालेल्या ओळखीतून पाकिस्तानातल्या हैदराबादची एक तरुणी नेपाळमार्गे भारतात आली आणि आपल्या प्रतिस्पर्ध्याशी लग्न करून बंगळुरूत राहू लागली. जानेवारी 2023 मध्ये पोलीस दारात आले. त्याच वर्षी कराचीहून दुसरी एक बाई, चार मुलांना घेऊन, तशीच नेपाळमार्गे ग्रेटर नोएडाला पोचली. तिची ओळख पब्जीवरची. बाकी दोन देशांत व्हिसा मिळत नाही, द्विपक्षीय क्रिकेट होत नाही, पण गोटी कापता येते.

आता शेवटचा भाग : ओळख पटल्यावर काय करावे. या विषयावरचे सर्वांत जुने प्रकरण विराटाच्या दरबारातले. मत्स्य देशाचा हा राजा सबंध वर्षभर कंक नावाच्या एका ब्राह्मणाशी फासे खेळला. समोर कोण बसले आहे याची त्याला दाद नव्हती. नाव खोटे, वेष खोटा, सोबतचा आचारी आणि नृत्यशिक्षकही खोटे. राजपुत्र उत्तर कौरवांना जिंकून आला म्हणून राजा खुशीत होता. कंक सारखा त्या नृत्यशिक्षकाचे, म्हणजे बृहन्नडेचेच, गुण गात राहिला, तेव्हा संतापून राजाने हातातला फासा त्याच्या तोंडावर फेकला. नाकातून रक्त आले. खेळात राग आल्यावर फासा फेकायची सोय आता राहिलेली नाही, कारण तो फेकायला गेले तर फोन जातो. पांडवांचा अज्ञातवास संपल्यावर पाचही जण राजासनांवर जाऊन बसले आणि विराटाला कळले की आपण वर्षभर युधिष्ठिराशी खेळत होतो. त्याने माफी मागितली, राज्य देऊ केले आणि मुलगी अर्जुनाला देऊ केली. अर्जुनाने ती सून म्हणून पत्करली.

आपल्याकडून इतकी अपेक्षा नाही. ओळख पटली तर एक फ्रेंड रिक्वेस्ट पाठवावी. ती स्वीकारली गेल्यास पहिल्याच निरोपात दाराशी कापलेल्या गोटीचा विषय काढू नये, 'जेवलात का?' असे विचारावे. उत्तरादाखल 'कोण?' असे आले, तर ते खरेच विचारलेले आहे असे समजावे.