होजीभाऊंचं परीक्षण

सिंदेवाहीत होजीभाऊंचं मत हवं असेल, तर आधी आपलं सांगावं लागतं. त्यांना खरं नाव असेलच. पण प्रत्येकाला ‘हो जी’ म्हणता म्हणता हेच उरलं. टपरीवर वनरक्षक शेजारी बसला की वाघ ही जंगलाची शान. मोहफुलं वेचणाऱ्या बाया आल्या की ‘त्या वाघाचा बंदोबस्त कराच जी!’ शंकरपटात आपण कोणत्या जोडीच्या बाजूचे होतो, हे त्यांना निकालानंतर कळतं. नाटकात ते रंगमंचाकडे कमी आणि पुढच्या रांगेकडे जास्त बघतात. ती हसली की हसतात, तिनं डोळे पुसले की दुपट्टा काढतात.

शेजारच्या नागभीड तालुक्यातल्या नांदेडच्या दादाजी खोब्रागड्यांना १९८३ साली ‘पटेल-३’ धानाच्या बांधीत काही लोंब्या निराळ्या दिसल्या. त्यांनी त्या जपल्या, वाढवल्या, आणि त्यातून ‘एचएमटी’ तांदूळ आला. होजीभाऊ त्या बांधीवर असते तर ‘सारं सारखंच दिसते जी’ म्हणून पुढे गेले असते. आज एचएमटीचं कौतुक अर्थातच तेच सर्वांत मोठ्यानं करतात.

त्याच १९८३ सालचा वुडी ॲलनचा ‘झेलिग’ आम्ही त्यांना गुरुजींच्या लॅपटॉपवर मुद्दाम दाखवला. जुन्या बातमीपटासारखा बेतलेला खोटा माहितीपट. लिओनार्ड झेलिग लठ्ठांत लठ्ठ होतो, डॉक्टरांत डॉक्टर. सॉल बेलो आणि सुझन सोनटॅग या कधीच नसलेल्या माणसाबद्दल इतक्या गांभीर्यानं बोलतात की हसू दाबावं लागतं. रोगाचं मूळ काय, तर शाळेत ‘मोबी डिक’ वाचलंय का असं विचारल्यावर लाजेखातर ठोकलेलं ‘हो’. त्याच्यावर उपचार करणाऱ्या डॉक्टरीणबाईंशी त्याचं प्रेम जुळतं तिथे सिनेमा जरा गुळचट होतो, असं माझं मत. पण हिटलरच्या सभेत, त्याच्याच मागे झेलिग उभा दिसतो तेव्हा घशातलं हसू अडकतं.

होजीभाऊंनी सगळा सिनेमा गुरुजींकडे बघत बघितला.

“कसा वाटला?”

“तुमाले कसा वाटला जी?”

“लांबला थोडा,” मी म्हणालो.

“लांबलाच जी.”

“काय लांबला? सव्वा तासाचा तर आहे!” गुरुजी कडाडले.

“हो जी, आटोपशीर हाय.”

मग आम्ही दोघं त्यांच्याकडे बघत गप्प बसलो. कोणीच काही सुचवेना. होजीभाऊंच्या कपाळावर घाम आला. त्यांनी मला बघितलं, गुरुजींना बघितलं, बंद लॅपटॉपलाही बघितलं.

“इंटरवल मात्र चांगला होता जी,” ते म्हणाले.

इंटरवल झालाच नव्हता.