ओक, शहाबादी आणि गुंड्या

'वा! लाकडाची जमीन?' असं पाहुण्यांनी विचारलं की मी नुसतं 'हं' म्हणतो. त्यात खोटं काही नाही. लाकडाचा भुगा दाबून केलेली पाटी, तिच्यावर ओकच्या रेषांचा छापील कागद आणि वर मेलामाईनचा पारदर्शक थर, एवढं सगळं एका 'हं'मध्ये बसतं. ही युक्ती १९७७ साली स्वीडनमध्ये निघाली. तिच्यावर ऐट मात्र मी पुण्यात करतो.

आमच्या म्हाताऱ्या कुत्र्याला, गुंड्याला, या ऐटीचं कौतुक नाही. तो शू करतो ती नेमकी दोन पट्ट्यांच्या जोडावर. वरचा थर पाण्याला दाद देत नाही, पण जोडातून ते आत शिरलं की पाटी फुगते आणि कडा वर येतात. त्या पुन्हा खाली बसत नाहीत. म्हणून घासायचं नाही, जुना टॉवेल दाबून टिपायचं. फडकं घट्ट पिळलेलं हवं. ब्लीच तर अजिबात नको, लघवीतल्या अमोनियाशी त्याची गाठ पडली की विषारी वायू सुटतो. नुसत्या साबणाने युरिक ॲसिडचे स्फटिक हलत नाहीत, पावसाळी हवेत ते पुन्हा दरवळतात. त्यावर एन्झाइमचं औषध मिळतं. त्याच्या बाटलीवर लिहिलेलं असतं, 'मुरू द्या'. फ्लोअरिंगच्या पत्रकावर लिहिलेलं असतं, 'ओल राहू देऊ नका'. दोघांचंही खरं असतं आणि मध्ये मी फडकं घेऊन उकिडवा बसलेला असतो.

आजीच्या घरी शहाबादी फरशी होती. कर्नाटकातल्या शहाबादकडचा तो राखाडी चुनखडीचा दगड. त्याने कुणाची नक्कल केली नाही, दगड म्हणून आला आणि दगड म्हणून राहिला. उन्हाळ्यात पोट उघडं टाकून त्याच्यावर लोळावं, तर पाठीवर पंखा आणि पोटाखाली गारवा. तिच्यावर दूध उतू गेलं, शाई सांडली, हळद सांडली, आणि आम्ही सगळी भावंडं तिच्यावरच रांगलो, म्हणजे बाकीचंही सगळं तिच्यावरच झालं. आजी दोन तांबे पाणी ओतायची आणि खराट्याने मोरीकडे लोटायची. फरशीला उतारही मोरीकडेच होता. घर बांधणाऱ्या गवंड्याला माणसं ठाऊक होती. आमच्या इंटीरियरवाल्याला रंगसंगती ठाऊक आहे.

गुंड्या हे मुद्दाम करत नाही. डॉक्टर म्हणाले, मूत्रपिंडं थकली आहेत, तहान वाढणार, शू वाढणार, पाणी मात्र तोडू नका. झोपेतच ओलं होतं, मग तो उठतो आणि पडद्यामागे जाऊन उभा राहतो. शेपूट बाहेरच राहते.

परवा एक पाहुणे चहा पिता पिता म्हणाले, ''आता याला कुठेतरी ठेवा की.'' कुठेतरी म्हणजे कुठे? वडील अंथरुणाला खिळले तेव्हा खाटेखाली भांडं असायचं आणि तेही मीच रिकामं करायचो. तेव्हा असला सल्ला द्यायला कुणी धजावलं नव्हतं. मी त्यांना दुसरा कप विचारला नाही. जाता जाता मात्र सांगून टाकलं, ''आणि हो, हे लाकूड नाही. कागद आहे.''

तेव्हा घरात म्हातारं जनावर किंवा रांगतं मूल असेल आणि जमीन बदलायचा विचार असेल, तर मुकाट्याने फरशी घाला. लाकडाची हौस पाटावर बसून भागवा.