किमान सोमवार कार्यक्रम

आमच्या वेळी नोकरीबद्दल दोनच मतं असत. लागली, आणि अजून लागली नाही. लागली की पेढे, त्यानंतर थेट शाल-श्रीफळ. मधल्या तीसेक वर्षांत नोकरीविषयी तुला काय वाटतं, असं कुणी विचारत नसे. विचारलंच असतं, तरी 'डीए वाढायला हवा' यापलीकडे सांगण्यासारखं काही नव्हतं.

आता नुसती नोकरी असून भागत नाही, तिच्याबद्दल भूमिकाही लागते. आणि ती इन्स्टाग्राम दर आठवड्याला ताजी पुरवतं. माझी भाची हिंजवडीत आयटीत आहे. 2022 च्या पावसाळ्यात तिने 'क्वाएट क्विटिंग' सुरू केल्याचं जाहीर केलं. अमेरिकेतल्या कुणा इंजिनिअरने टिकटॉकवर काही सेकंदांचा व्हिडिओ टाकला होता: नोकरी सोडायची नाही, पण नेमून दिलेल्या कामापलीकडे जीव टाकायचा नाही. टिकटॉकवर आपल्याकडे 2020 पासून बंदी, पण तिथला माल रील्सच्या मागच्या दाराने येतोच.

"राजीनामा नाही ना दिलास?" एवढंच माझ्या बहिणीने विचारलं. नाही म्हटल्यावर ती पुन्हा गवार मोडू लागली.

आमच्या ऑफिसात एक काका होते. आल्या आल्या मस्टरवर सही ठोकायचे, छत्री खुर्चीच्या पाठीला अडकवायचे आणि अंतर्धान पावायचे. साहेबाने विचारलं की शेजारचा छत्रीकडे बोट दाखवायचा, "आहेत, आत्ताच खाली गेलेत." ती छत्री मी भर मे महिन्यातही लटकलेली पाहिली आहे. काकांची सगळी कला कुणाच्या डोळ्यांवर न येण्यात होती. तोच उद्योग आजची मुलं रिंगलाइट लावून करतात आणि हॅशटॅगमध्ये कंपनीचं नावही घालतात. काकांना हे कळलं असतं तर भोवळच आली असती, तीही रजेचा अर्ज टाकून.

पुढे 'क्वाएट क्विटिंग' शिळं झालं. मग 'बेअर मिनिमम मंडे' आला, 'लेझी गर्ल जॉब' आला, 'कॉफी बॅजिंग' आलं. यातल्या शेवटच्यात ऑफिसला जायचं, दारात कार्ड टेकवायचं, एक कॉफी प्यायची आणि घरी परतायचं. म्हणजे छत्रीच, फक्त चिप बसवलेली.

त्याच फोनमध्ये पलीकडच्या गल्लीत लिंक्डइन आहे. तिथे सगळे पहाटे पाचला उठतात आणि एकेका वाक्याचा परिच्छेद करतात. चहावाल्याने सुट्टे परत दिले, तरी त्यांना त्यात नेतृत्वाचे धडे सापडतात. 2023 मध्ये नारायण मूर्तींनी तरुणांनी आठवड्याला 70 तास काम करावं म्हटलं, तेव्हा या गल्लीत दिवाळी होती. जानेवारी 2025 मध्ये एल अँड टीच्या सुब्रमण्यन यांचं 90 तासांबद्दलचं बोलणं पसरलं. रविवारी घरी बसून बायकोकडे किती वेळ बघत राहणार, असा त्यांचा सवाल होता. सातही दिवस धरले तरी रोजचे जवळपास 13 तास झाले, हा हिशेब मी घरात मोठ्याने केला. ही आतून म्हणाली, "तुम्हाला बघत बसायला वेळ कोण देतंय? आधी माळ्यावरची परात काढून द्या."

मला विचाराल तर दोन्ही गल्ल्यांतले लोक सख्खे चुलत आहेत. कमी काम करणारा काय आणि जास्त करणारा काय, दोघांचा बराचसा वेळ ते सांगण्यातच जातो. भाचीचंच घ्या. 'किमान काम' हे तिच्या प्रोफाइलवर आहे. प्रत्यक्षात रात्री साडेदहाला ती कानात हेडफोन खुपसून अमेरिकेच्या क्लायंटला "शुअर, शुअर" म्हणत वरण-भात कालवत असते. "ओव्हरटाइम मिळत असेल ना गं?" असं मी एकदा विचारलं. "मामा, तू कुठल्या जगात राहतोस!" म्हणाली. तिचा राग खरा आहे, पण तो मॅनेजरपर्यंत न जाता फॉलोअर्सपर्यंत जातो.

परवा तिने निवांत सोमवारचं रील करायला घेतलं. कॅमेरामन मी. तिने खिडकीत बसून आरामात चहा प्यायचा होता. पण वाफ दिसेना, म्हणून चहा पुन्हा उकळला. वाफ दिसली तर मागे दोरीवर माझा बनियन दिसला. बनियन काढला तर ऊन गेलं. "चेहरा रिलॅक्स ठेव," मी म्हटलं. "ठेवलाय ना!" ती खेकसली. चहाचा काढा झाला, दूध संपलं. "एवढ्यात माझ्या पोळ्या झाल्या असत्या," बहीण म्हणाली. मग संगीत, अक्षरं, कापाकापी. मध्यरात्र उलटली तरी कमीत कमी काम चालूच होतं.

रील झकास झालं. सकाळी पहिली कॉमेंट मॅनेजरची: 'सुपर एडिटिंग! तुझ्यात हा गुण आहे हे माहीतच नव्हतं.' आता कंपनीच्या पेजसाठी दर सोमवारी एक रील करून द्यायचं काम तिच्याकडे आलं आहे. पगार तोच.