गुरुदत्तचा उजेड कुणाचा?

– काकू, कढीपत्त्याच्या चार काड्या घेऊ का? काल रात्री ‘कागज के फूल’ बघत बसले आणि सकाळी सगळाच खोळंबा.

– घे की, विचारतेस काय! पण तो सिनेमा आपल्या गावचाच हं.

– ठाऊक आहे. गुरुदत्त बंगळूरचे, 1925चा जन्म. पुढे आमच्या पुण्यात, प्रभातमध्ये उमेदवारी केली.

– बघ, तूही गुरुदत्तपाशीच थांबलीस! कॅमेरा कुणाचा? व्ही. के. मूर्तींचा. मूळचे म्हैसूरचे, म्हातारपणी इथे शंकरपुरमला राहायचे. 2014 साली गेले.

– शिकले मुंबईत असतील.

– छे गं! इथल्या जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये. तुमची पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट निघाली 1960 मध्ये. हे 1946 सालीच शिकून बाहेर पडलेले. गोविंद निहलानीही त्याच पॉलिटेक्निकचे, पुढे मूर्तींच्याच हाताखाली तयार झाले. गुरुदत्तच्या ‘बाजी’च्या वेळी मूर्ती नुसते असिस्टंट होते. एक अवघड शॉट त्यांनी असा काही जमवून दाखवला की गुरुदत्तनं पुढचा ‘जाल’ थेट त्यांच्याच हाती दिला. 1952ची गोष्ट.

– आणि ‘कागज के फूल’मधला तो स्टुडिओतला उन्हाचा झोत? केवढाले दिवे लावले असतील!

– दिवा कसला, आरसे! एक मोठा आरसा बाहेर उन्हात धरला, त्यातली तिरीप आतल्या दुसऱ्या आरशावर घेतली आणि तिथून खाली सोडली. थोडा धूर केला, की झोत दिसणारच.

– एवढंच?

– एवढंच म्हणे! सूर्य काय तुझ्यासाठी थांबतो? तो सरकला की आरसा फिरवायचा. शिवाय देशातला पहिला सिनेमास्कोप, एवढा रुंद पडदा भरायचा. कच्ची फिल्म परदेशातून यायची, तीही परवान्यावर. सरकारचा उटीचा कारखाना सुरू व्हायला 1967 उजाडलं. मनाला येईल तशी रिळं उडवायची सोय नव्हती.

– त्यावर गीता दत्तचं गाणं, पडद्यावर वहिदा... गुरुदत्तच्या घरात तेव्हा काय चाललं होतं हो?

– ते जगानं चघळून चोथा केलंय, राहू दे. सिनेमा पडला ते बोल. गुरुदत्तनं त्यानंतर दिग्दर्शक म्हणून स्वतःचं नाव लावलं नाही. मूर्तींना मात्र त्याच सिनेमासाठी फिल्मफेअर मिळालं, मग ‘साहिब बीबी और गुलाम’साठीही.

– गुरुदत्त गेल्यावर?

– पोट थोडंच थांबतं? प्रमोद चक्रवर्तींचे रंगीत सिनेमे केले, ‘जुगनू’ वगैरे. 1988 मध्ये दूरदर्शनवर ‘भारत एक खोज’ आली ना, नेहरूंच्या पुस्तकावरची, तिचा कॅमेरा यांचाच. ती काढणारे श्याम बेनेगल पुन्हा गुरुदत्तच्या नात्यातले!

– मग सरकारनं काही कदर केली की नाही?

– केली, पण कधी! फाळके पुरस्कार 1969 पासूनचा. पहिला देविकाराणीला, त्याही शेवटी बंगळूरकरच. कॅमेरामनची पाळी आली 2008च्या पुरस्काराला, ते हे मूर्ती. तोवर निव्वळ कॅमेरामनला एकदाही नाही! आणि पुरस्कार कुणाच्या नावाचा? ज्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढला त्यांच्या. त्याचा कॅमेरा कुणी चालवला, सांग बघू?

– फाळक्यांनीच ना?

– त्र्यंबक तेलंगांनी! मराठी असून तुला ठाऊक नाही. आता पुढचा सिनेमा लावशील तेव्हा सुरुवातीची पाटी पळवू नकोस. नावं वाच सगळी.